सुट्टीतली आमटी

भिजवलेल्या आमसुलांचा वास आला की मला कात्रपच्या आमच्या फ्लॅटमधली ती मे महिन्याची सुट्टी आठवते. मी सातवीत जाणार होते. त्या एका आठवड्यात आईने मला कुकर लावायला, आमटी करायला आणि धाकटीची वेणी घालायला शिकवलं. "एवढी घाई कशाला गं, आई?" मी विचारलं. "सुट्टी आहे तोवर शिकून घे," ती हसत म्हणाली. शनिवारी ती उल्हासनगरहून दालपकवान घेऊन आली आणि माझ्या हातची पाणीदार आमटी तिने दोनदा वाढून घेतली. तिच्या छातीत गाठ होती आणि ती साधीच असल्याचा रिपोर्ट तिला त्या दिवशी मिळाला होता, हे तिने थेट माझ्या लग्नानंतर सांगितलं. ती किती घाबरली असेल ते आता कळतं, तरी तो आठवडा मला अजून लाडाचाच आठवतो.