सातखुंटीची सातवी रेघ

आमच्या घरात एक आकृती चालत आली आहे, तिला सातखुंटी म्हणतात. सात बिंदू आणि सहाच रेघा. सातवी रेघ ओढायची नाही. लग्न होऊन अंथुर्ण्याजवळच्या वस्तीवर आले, तेव्हा पहिल्याच संध्याकाळी सासूबाईंना उंबऱ्यासमोर चुन्याने ती काढताना पाहिलं. त्यांना मी आत्या म्हणते. मी बारामतीच्या शाळेत गणित शिकवते. मला वाटलं, म्हाताऱ्या माणसाच्या हातून एक बाजू राहिली असेल. चुन्यात बोट बुडवून वाकले, तर आत्यांनी माझं मनगट असं धरलं की बांगडी फुटली.

या घराण्यात पूर्वी मेंढरं होती. मुक्कामाला सात खुंट्या ठोकून त्यांना जाळी ताणायची, आणि शेवटचं मेंढरू, शेवटचं माणूस आत आल्याशिवाय सातव्या खुंटीला जाळी बांधायची नाही, अशी रीत. पुढं पाणी आलं, ऊस आला, मेंढरं विकली. आकृती तेवढी उंबऱ्यावर येऊन राहिली. आत्या सांगायच्या, माणसालाही सात खुंट्या असतात. सहा खुंट्यांना जीव बांधलेला, सातवी मोकळी. झोपेत तो तिथूनच बाहेर जातो आणि तिथूनच परत येतो. घरातलं कोणी वारलं की मात्र तिरडी उचलल्यावर सातवी रेघ ओढायची, म्हणजे गेलेला माघारी फिरत नाही. तेराव्याला ती पुसायची. मी मान डोलवायची आणि मनात हसायची.

गेल्या वर्षी नवं घर बांधलं. रोज चुना कोण कालवत बसणार, म्हणून शहाणपणा मीच केला. म्हटलं, उंबऱ्यासमोरच्या पांढऱ्या फरशीतच काळ्या दगडाच्या पट्ट्यांची सातखुंटी बसवून घेऊ. आत्याही खूश झाल्या आणि चार दिवस कन्हेरीला बहिणीकडे गेल्या. शनिवारी मी रजा घेऊन घरी होते. सकाळी मिस्त्रीने सहा पट्ट्या बसवल्या आणि मला हाक मारली.

"मॅडम, ही एक बाजू सुटली का कागदावर?"

मी बाहेर येऊन पाहिलं. एवढं रेखीव काम आणि एका बाजूला वासलेलं तोंड. माझ्यातल्या मास्तरणीला ते काही बघवेना. "लावून टाका," मी म्हणाले.

दुपारी बाराला माझी मुलगी शाळेतून आली. आठ वर्षांची. दप्तर भिरकावलं आणि थेट ओल्या पांढऱ्या सिमेंटवर पाय दिला. नवीन पट्टी सरकली. राग माझ्या नाकाच्या शेंड्यावर असतो, हे सगळ्या वस्तीला माहीत आहे. मी तिच्या पाठीत धपाटा घातला आणि ओरडले, "चालती हो! पुन्हा या घरात पाऊल टाकायचं नाही!" मिस्त्री मान खाली घालून पट्टी नीट करत राहिला. ती गेली. शेजारी खेळत असेल, असं समजून मी पेपर तपासायला बसले.

तीनच्या सुमाराला आत्या एसटीने आल्या. हातातली पिशवी तशीच, उंबऱ्यासमोर थबकल्या. कोणी केलं, का केलं, काहीच विचारलं नाही. एवढंच म्हणाल्या, "घराभाईर कोण हाय आत्ता?"

"कोणी नाही," म्हणता म्हणता मला पोरगी आठवली आणि मी शेजारी धावले.

शेजारी नव्हती. शाळेकडे नव्हती. नवऱ्याने विहिरीत वाकून पाहिलं तेव्हा मी डोळे मिटून घेतले. पाण्यात काही नव्हतं. मग उरला ऊस. तीन बाजूंनी दोन पुरुष उंच, तोडीला आलेला. आणि आठच दिवसांपूर्वी पलीकडच्या वस्तीवरचं करडू बिबट्याने नेलं होतं, त्याचे चिखलातले ठसे मी स्वतः पाहिले होते.

"झालं काय व्हतं?" नवऱ्याने विचारलं. "तू काय बोललीस का तिला?"

"काही नाही," मी म्हणाले. मिस्त्रीने माझ्याकडे पाहिलं आणि नजर वळवली.

माणसं डबे वाजवत बांधाबांधाने फिरू लागली. मी हाका मारत होते. मला भीती वाटली की तोंडातून रागच बाहेर पडतो. "कुठं मेलीस? बाहेर ये म्हणते ना! सापड तू, मग बघते तुला!" घसा बसला तरी थांबले नाही. ऊन उसाच्या शेंड्यांवर गेलं. उसाच्या ओळींमधल्या सरींत तर आधीच अंधारलं होतं.

दारात आले तर आत्या विळ्याच्या टोकाने सातवी पट्टी उकरत बसलेल्या.

"आत्या, पोरगी उसात आहे आणि तुम्ही हे काय..."

"यायला वाट कुठं ठिवलीस तिला?" त्या उकरतच राहिल्या. "जित्या पोरीची रेघ ओढलीस गं!"

मी खोटं सांगणार नाही, त्या क्षणी मी सगळं मानलं. सात खुंट्या, मोकळी बाजू, तेराव्याला पुसायची रेघ, सगळं. मिस्त्रीची छिन्नी आणि हातोडा उचलला आणि खाली बसले. सिमेंटने पट्टी पक्की धरली होती. एक घाव बोटावर बसला, रक्त आलं. तोंडातून शब्द फुटत नव्हता. नुसते घाव घालत राहिले. पट्टी तडकली, अर्धी निघाली, उरलेली आत्यांनी नखांनी ओढली.

तेवढ्यात उसाचा पाला खसखसला. दारापासून वीस पावलांवर, अगदी पहिल्याच सरीत. माझा हात तसाच वर राहिला. बिबट्याच, असं वाटलं.

ती बाहेर आली. हातापायांवर पाल्याचे ओरखडे, केसांत कुसळं. नवरा धावला, तिला उचलून अंगणात आणलं.

"एवढ्या हाका मारल्या, ऐकू आल्या न्हाईत व्हय गं?"

"आल्या की," ती म्हणाली. "आई हाका मारायची थांबली, मग आले."

आत्यांनी तडकलेल्या फरशीवर हात ठेवला. "वाट उघडली," त्या पुटपुटल्या आणि रडू लागल्या. त्यांना त्यांचं उत्तर मिळालं होतं. मला माझंही मिळालं होतं, पण ते मी तेव्हा कोणाला सांगितलं नाही.

तिला जवळ घ्यायला उठले. हातोडा हातातच राहिला होता. तिने त्याच्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे, आणि पटकन आजीच्या मागे गेली. मी हातोडा खाली ठेवला, तरी ती पुढं आली नाही.