टांझानियातल्या कांदाचाळी

मंगळवारी दुपारी फोन आला. माझे पती टांझानियात वारले होते. मी ग्रंथालयात पुस्तकं लावत होते. हातातलं पुस्तक ठेवलं आणि दीराला कळवलं.

हे कांदाचाळी, म्हणजे कांदा साठवायच्या हवेशीर शेड, बांधायचे. नाशिकमध्येच अंबडला वर्कशॉप होतं. तिथे लोखंडी अँगल कापायचे आणि निफाड, चांदवडकडच्या शेतांत नेऊन चाळ उभी करायची, असं तीस वर्षं चाललं. दोन वर्षांपूर्वी लासलगावच्या बाजारात टांझानियाचा एक व्यापारी ह्यांना भेटला. आधी शाळेत मास्तर होता, मग कांद्याच्या धंद्यात पडला. त्याच्या भागात कांदा भरपूर पिकतो, पण ठेवायला जागा नाही. काढणी झाली की शेतकरी मिळेल त्या भावाने बांधावरच विकून मोकळा होतो आणि चार महिन्यांनी त्याच्याच गावच्या बाजारात शेजारच्या देशातला कांदा येतो. सरकारी योजनांच्या, परदेशी मदतीच्या पाट्या गंजून गेल्या, गोदाम कोणी बांधलं नाही, असं त्याचं म्हणणं होतं.

“अगं, आपण चाळीस वर्षांपूर्वी जिथे होतो, तिथे ते लोक आज आहेत,” हे घरी येऊन म्हणाले. “चाळ दिली की झालं.”

इतक्या सहज काही होतं यावर माझा विश्वास नाही. ग्रंथालयात आफ्रिकेच्या अर्थकारणावर तीन पुस्तकं होती, ती मी वाचून काढली. खासगी गुंतवणूक, स्थानिक भागीदार, विकास हे शब्द पानोपानी होते. भागीदार फिरला तर परक्या मुलखातल्या माणसाने काय करायचं, हे कुठेच नव्हतं. हे टांझानियाला गेले. कंपनी ह्यांच्या आडनावाने निघाली, चार चाळी उभ्या राहिल्या आणि आठव्या महिन्यात तो फोन आला. हृदयविकाराचा झटका, असं तिथल्या कागदावर लिहिलं होतं.

दीड महिन्याने दीर निफाडहून तडक घरी आला. तिकडच्या एका ओळखीच्या इलेक्ट्रिशियनने त्याला फोटो पाठवला होता. चारही चाळी खोललेल्या होत्या, अँगल जमिनीवर पडले होते.

“वहिनी, दादाला जाऊन दोन महिने नाय झाले, अन् ह्या व्यापाऱ्यानं खांब उपटले बघा. भंगारात घातले असतील.”

“विचारू या त्याला.”

“विचारा. लय गोड बोलतो तो.”

मी पत्र लिहिलं. उत्तर आलं की लाकूड कुजलं होतं. ह्यांनी जन्मात लाकडाची चाळ बांधली नव्हती. त्याच पत्रात लिहिलं होतं की तो स्वतः नाशिकला येतो आहे. ह्यांचं आडनाव आणि ह्यांची रेखाटनं वापरून कंपनी चालू ठेवायला माझी सही हवी होती. सही नसेल तर कंपनी बंद. ह्यांचं तिथलं काम माझ्या एका सहीवर येऊन ठेपलं होतं, आणि ती सही मागणारा माणूस माझ्याशी खोटं बोलला होता.

मार्चमध्ये दीराने त्याला नाशिकच्या द्वारका चौकातून घरी आणलं. साठीच्या पुढचा माणूस, इस्त्रीचा शर्ट. दारातच मला वाकून “मामा” म्हणाला. तिकडे बायकांना मानाने तसं म्हणतात, हे मी वाचलं होतं.

“आता वहिनीला मामा केलं,” दीर पुटपुटला. “आधी लाकडाचं विचारा.”

मी इंग्रजीत विचारलं. त्याने मान खाली घातली. “ते पत्रात नीट लिहिता आलं नाही.”

“मास्तर होता म्हणे! अन् लिहिता येईना?” मी मराठीत सांगताच दीर म्हणाला.

त्याने फोन माझ्या हातात दिला. फोटोत भरलेली चाळ होती. शेजारी दोरीवर बायकांचे रंगीत कपडे वाळत होते, सगळे एकाच बाजूला ताणलेले. मी ते कपडे बघत राहिले. पुढचा फोटो पाहिला, त्याच्या पुढचा पाहिला. सगळ्यांत कपडे चाळीच्या लांबीच्या दिशेने उडत होते. आपल्याकडे वारा पश्चिमेकडून येतो, म्हणून एकपाखी, म्हणजे एकाच ओळीची चाळ दक्षिणोत्तर बांधतात. वारा कुशीत शिरतो आणि आरपार निघून जातो. इथे तो नुसता टोकावर आपटत होता.

“तुमच्याकडे वारा कुठून येतो?”

“दक्षिणेकडून. खोऱ्यातून सरळ.”

“मग चाळी अशा का बांधल्या?”

“तुमच्या यजमानांनी होकायंत्र लावून बांधल्या. मी विचारलं होतं. म्हणाले, मास्तर, तीस वर्षं हेच करतोय.”

मी ते मराठीत सांगितलं. दीराने खुर्ची मागे सरकवली. “हे दादाचंच बोलणं,” तो हळूच म्हणाला.

मग त्याने सगळं सांगितलं. गावातल्या बायकांनी पहिल्यांदाच कांदा न विकता ठेवला होता. तो आतून सडला. चाळी भंगारात गेल्या नव्हत्या, दिशा बदलून पुन्हा उभ्या करायला खोलल्या होत्या. ह्यांनीच शेवटच्या आठवड्यात “आडव्या फिरवा” असं सांगितलं, हे त्याचं म्हणणं.

“गावातले लोक ह्यांना बोलले का?”

“बोलले.”

“काय बोलले?”

त्याने माझ्या हातातला फोन घेऊन खिशात ठेवला. मी पुन्हा विचारलं नाही.

त्या शेवटच्या आठवड्यात हे मला रोज फोनवर सांगत होते, “कांदा झकास आहे.” म्हणजे एक तर हे माझ्याशी खोटं बोलत होते, किंवा हा माणूस आता पुन्हा खोटं बोलत होता. एकदा त्याने ह्यांची चूक झाकली होती. आता ह्यांच्या तोंडी शहाणपण घालत असेल. संसारात ह्यांनी चूक कबूल केल्याचं मला तरी आठवत नाही.

मी रेखाटनाचा कागद मागितला. त्यावरचा उत्तरेचा बाण खोडला आणि बाजूला इंग्रजीत लिहिलं: आधी गावातल्या माणसांना वाऱ्याची दिशा विचारावी.

“वहिनी, अजून विचार करा,” दीर म्हणाला.

“केला.”

मी सही केली.

चारही चाळी आता पूर्व-पश्चिम उभ्या आहेत. यंदा बायकांनी कांदा चार महिने ठेवला, असं मास्तरांनी कळवलं आहे. कंपनी ह्यांच्या आडनावाने चालू आहे. शेवटच्या आठवड्यात हे खरंच काय म्हणाले, ते मला माहीत नाही.