प्रत माहितीस्तव

आमच्या ऑफिसातल्या पाणी तपासणाऱ्या बाई तीन वर्षं पॅसेजमध्ये बसून होत्या, जिन्याजवळच्या खुर्चीवर. काम काही नाही. दहाला हजेरीपटावर सही करायची, सहाला घरी जायचं, आणि मधले आठ तास येणाऱ्या-जाणाऱ्यांनी बघायचं. एवढी वयस्क बाई, आणि शाळेत वर्गाबाहेर उभं केल्यासारखी! मला बघवायचं नाही, म्हणून मी मागच्या जिन्यानं जायचो. शूर माणूस ना मी.

बाई मूळच्या आरोग्य खात्याच्या. आमच्या पाणी मंडळात दोन वर्षांसाठी प्रतिनियुक्तीवर, म्हणजे उसन्या आलेल्या. एका टाकीच्या पाण्यावर त्यांनी 'पिण्यास अयोग्य' असा शेरा मारला. साहेब म्हणाले, "शेरा बदला."

"पाणी बदला, शेरा आपोआप बदलेल," बाई म्हणाल्या.

साहेबांच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. आज्ञाभंगाची नोटीस निघाली, प्रयोगशाळेची किल्ली काढून घेतली आणि बाई खुर्चीवर आल्या.

त्यांनी चार पानी खुलासा दिला. माझी चौकशी करा, माझं ऐकून घ्या, एवढंच मागणं. पण उसन्या माणसाची चौकशी मूळ खात्यानं करायची असते. आमचे साहेब म्हणायचे, ती झाल्याशिवाय परत पाठवता येत नाही. आरोग्य खातं म्हणायचं, आमच्याकडे कारवाईसाठी काही आलेलंच नाही. नुसती टोलवाटोलवी! आणि आता निवृत्तीला चार महिने उरलेले.

परवा बाई माझ्या टेबलापाशी आल्या. बाहेर जाणाऱ्या पत्रांची जावक वही माझ्याकडे असते, म्हणून सगळे मला जावकभाऊ म्हणतात.

"जावकभाऊ, माझा खुलासा तिकडे कसा गेला ते दाखवता का? लेक म्हणते, आई, सोड ना नाद. पण तेहतीस वर्षं नोकरी केली हो मी. कपाळावर आज्ञाभंग घेऊन घरी बसायची नाही."

मी तीन वर्षांपूर्वीची वही काढली. माझंच अक्षर. आरोग्य खाते, प्रत माहितीस्तव.

'कार्यवाहीस्तव' लिहायला हवं होतं. माहितीस्तव आलेला कागद कोणी वाचतही नाही, सरळ फायलीला लावतात. मीही रोज तेच करतो. त्या दिवशी साठ पत्रं होती, सगळ्यांवर मी तीच शेवटची ओळ ठोकून दिली होती.

"म्हणजे तो तिथे फायलीत पडलाय?" बाईंनी विचारलं. "तीन वर्षं?"

मी मान हलवली. त्यांनी वही मिटून माझ्या हातात दिली. अहो, चार शिव्या घातल्या असत्या तर मला बरं वाटलं असतं.

घरी बायकोला सांगितलं. ती म्हणाली, "चूक लिहून द्या. नाहीतर घरातही मागच्या जिन्यानं यायची वेळ येईल." सकाळी मी कबुलीजबाब लिहून साहेबांपुढे ठेवला आणि म्हणालो, "बाईंचा खुलासा आजच कार्यवाहीस्तव पाठवतो, साहेब."

साहेबांनी तो दोनदा वाचला. "तुम्ही मूळचे कुठले?"

"पाटबंधारे खात्यातला."

"म्हणजे तुम्हीही प्रतिनियुक्तीवरच!" साहेब चक्क हसले. "मग तुमच्या चुकीची चौकशी तुमचं मूळ खातं करणार. ती होईपर्यंत त्या नोंदीला हात लावता येणार नाही. बाईंचा कागदही थांबला. जावक वही इथे ठेवून जा."

"पण साहेब, बाईंना चारच महिने..."

"नियम आहे. मी काय करू?"

माझ्याबद्दलचं पत्र त्यांनी मलाच टाइप करायला दिलं. खालची ओळ त्यांच्या हातची होती: प्रत पाटबंधारे खाते, माहितीस्तव. मी म्हटलं, "साहेब, इथे कार्यवाहीस्तव हवं." ते म्हणाले, "दिलंय तसं टाइप करा." मी केलं. माझीच मला लाज वाटली, पण केलं.

पॅसेजमध्ये आलो तर बाई कोपऱ्यातली दुसरी खुर्ची ओढून फडक्यानं पुसत होत्या.

"भिंतीकडे बसा, जावकभाऊ. पाठ टेकता येते." मग हळूच विचारलं, "निवृत्तीला किती राहिलीत तुमची?"

"अकरा वर्षं," मी म्हणालो.