मोठ्या बाबांचं बारदान

वडिलांचे थोरले भाऊ, आमचे मोठे बाबा, पातूरला राहतात आणि अकोल्याच्या बाजारात भाजी विकतात. गेली दोन वर्षं कुठेही गेले तरी बसायला घडी केलेलं बारदान सोबत. लग्नातल्या खुर्चीवरही आधी बारदान, मग ते. "आली राजाची गादी," असं माझे बाबाच म्हणायचे.

बाबांना प्रोस्टेटचं ऑपरेशन सांगितलं तेव्हा ते घाबरले. मोठ्या बाबांचं तेच ऑपरेशन दोन वर्षांपूर्वी झालेलं. ते मुद्दाम आमच्याकडे भातकुलीला आले. "काई नाई होत रे. आठव्या दिवशी बजारात बसलो होतो मी." त्या शब्दावर बाबा तयार झाले.

अमरावतीच्या दवाखान्यात डॉक्टरांनी मला बाजूला घेतलं. घरात कॉलेजात गेलेला मी पहिलाच. ऑपरेशननंतर लावलेली नळी काढल्यावर काही आठवडे लघवीवर ताबा राहणार नाही, असं ते म्हणाले. नवरा-बायकोच्या संबंधांत काय बदलू शकतं, तेही सांगितलं. इंग्रजी कागदावर सगळं होतं.

"काय लिवलं हाय?" बाबांनी विचारलं.

"नेहमीचंच आहे. सही करा."

मला लाज वाटली होती. दुसरं कारण नव्हतं.

नळी निघाली. आठव्या दिवशी बाबा नेहमीसारखे मेथी विकायला बाजारात बसले. उठले तेव्हा पायजमा ओला होता. शेजारची भाजीवाली म्हणाली, "भाऊ, पाणी सांडलं वाटते." त्यानंतर ते बाजारात गेलेच नाहीत.

मोठे बाबा भेटायला आले. खाटेवर त्यांनी बारदान टाकलं. बाबा त्याच्याकडे पाहत राहिले.

"दादा, हे त्याच्यासाठीच होय?"

"तीन महिने लागलं. आता लागत नाई, पण भेव जात नाई."

"मंग मले काहून नाई सांगतलं?"

"मले तरी कोणं सांगतलं होतं?" त्यांनी बारदान बाबांकडे सरकवलं. बाबांनी ते परत ढकललं.

धीर द्यावा म्हणून मी बोललो, "बाबा, हळूहळू थांबतं. डॉक्टर म्हणाले होते."

"कवा म्हणाले?"

मी खाली पाहिलं. "ऑपरेशनच्या आधी."

"दादाचं सोड. तुले तं वाचता येत होतं."

मग म्हणाले, "आण तो कागद."

मी फायलीतली त्या कागदाची झेरॉक्स आणली आणि एकेक ओळ मराठीत सांगू लागलो. संबंधांच्या ओळीशी अडखळलो, तेव्हा मोठे बाबा उठून गोठ्याकडे गेले. मी तीही सांगितली. बाबांनी माझ्याकडे पाहिलं नाही.

"माही सही कुठं हाय?"

मी तळाशी बोट ठेवलं. बाबा माझ्या बोटाच्या वरच्या ओळींकडे बराच वेळ पाहत राहिले.