दिगंबरकाकांची हाक

फ्रीमाँटच्या टाउनहाउसमधल्या कपड्यांच्या कपाटात यामिनीचा स्टुडिओ. भिंतींना गोधड्या ठोकलेल्या. नागपूरहून अमेरिकेत एमएसला आली, चार वर्षं कोडिंग केलं, मग जॉब सोडून लोकांच्या फिल्म्स एडिट करायला लागली. आवाज साफ करण्यात तिचा हात धरणारं कोणी नाही. खोकला, ढेकर, फ्रीजची घरघर, सगळं बिनबोभाट गायब.

मुलांकडे राहायला आलेल्या म्हाताऱ्यांवर तिनं स्वतःची फिल्म केली. त्यात शेजारचे दिगंबरकाका होते. काका अडखळत बोलायचे. पोरं हसतात म्हणून फोनच्या व्हिडिओत तर तोंडच उघडायचे नाहीत. यामिनीपुढे मात्र तासभर बोलले. लोक त्यांना हसू नयेत म्हणून तिनं प्रत्येक अडखळ कापली. बायकोला, संध्याकाकूंना, मारलेली हाकसुद्धा इथून एक अक्षर, तिथून एक, अशी जोडून गुळगुळीत केली.

फिल्म लागली तेव्हा काकांना जाऊन दोन महिने झाले होते. हॉलमध्ये लोकांनी डोळे पुसले. संध्याकाकू तेवढ्या कोरड्या.

दुसऱ्या दिवशी त्या कपाटाच्या दारात उभ्या. "कोनाचा आवाज हाये व तो?"

"काकांचाच, काकू."

"माह्यं नाव त्यायनं असं कधी घेतलंच नाही. स-स-स करेपर्यंत मी पोळी तव्यावर टाकून पोचत होती. मले तो आवाज दे."

मूळ रेकॉर्डिंग यामिनीनं पुसलं होतं. पुढच्या कामासाठी ड्राइव्ह रिकामी हवी होती म्हणून. उरला होता फक्त अर्ध्या मिनिटाचा तुकडा. शूटिंग संपलं की खोलीची नुसती शांतता रेकॉर्ड करायची, कापलेल्या जागा भरायला, ही तिची पद्धत. तेव्हा सगळ्यांनी गप्प बसायचं.

तिनं तो ऐकून पाहिला. काकांचा श्वास. खुर्चीची कुरकुर. मग, "स... स... सं..." आणि त्यावर तिचाच आवाज, "काका, प्लीज, बोलू नका ना."

आपला आवाज काढून टाकणं दोन मिनिटांचं काम होतं. हात माउसवर गेलाही. तिनं तो मागे घेतला आणि हेडफोन काकूंच्या कानांवर ठेवला.

काकूंनी डोळे मिटून ऐकलं.

"मंग? पुढं?"

"पुढं नाही, काकू. मीच थांबवलं त्यांना."

काकूंनी हेडफोन काढला नाही.

"लाव अजून," त्या म्हणाल्या.