दादाचा एक झेंडा

"शनिवारी कोण कोण येतंय?"

दर गुरुवारी दादा टीमला हा ई-मेल टाकायचा. इतक्या वर्षांत एकानेही त्याला उत्तर दिलं नाही. आता दादा गेला, तर तेच सगळे फ्रीमाँटला आमच्या घरी न विचारता येऊन बसतात! एकाने किस्सा सांगितला की दुसऱ्याला दोन आठवतात. डोळे पुसायला काढलेला रुमाल हसू दाबायला तोंडावर धरावा लागतो. अजून महिनाही झाला नाही, आणि मला हसल्यावर बरं वाटतं. खोटं कशाला बोलू?

*

दादा ऑस्ट्रेलियात शिकायला गेला आणि तिथल्या एका खेड्याच्या टीमकडून त्यांचा फुटबॉल खेळायला लागला. लांबट बॉल, हात-पाय दोन्ही चालतात, अंगावर पॅड नाही. गुडघा गेला तेव्हा तो सांता क्लाराला नोकरीला आला. पण स्वस्थ बसवेना. दीड तासावर, बदामाच्या बागांमधल्या एका गावात मैदान मिळालं आणि हा तिथला कोच झाला.

आई फोनवर म्हणाली, "गुडघा गेला ना? मग आता तरी सोड ते."

"सोडलं की! आता मी दुसऱ्यांचे गुडघे घालवतो."

*

मी दहावी नापास. बायको नर्स, तिच्या जोरावर अमेरिकेत आलो. दादाने मला रनर केलं. मॅच चालू असताना कोचने मैदानात जायचं नसतं, त्याचा निरोप घेऊन रनर पळतो.

पहिल्याच मॅचला दादा भडकला. "त्या शिरीषला सांग, झोपायचं असेल तर घरी जा!"

शिरीष म्हणजे दादाच्या ऑफिसातला इंजिनियर. मी पळत गेलो आणि जसंच्या तसं सांगितलं. शिरीष गाडीत बसून घरी गेला!

"गाढवा, निरोपातला राग काढून टाकायचा असतो!"

"राग काढला तर तुझ्या निरोपात उरतं काय, दादा?"

*

गोलसाठी एका बाजूला चार खांब लागतात. दादाने प्लास्टिकचे लांब पाइप आणले आणि गाडीच्या टपावर बांधले. फ्रीवेवर पोलिसाने अडवलं. "हे काय आहे?"

दादाने खरंच समजावून सांगितलं! मधल्या दोन खांबांमधून बॉल गेला तर गोल, सहा पॉइंट, गोलमागचा अंपायर दोन झेंडे हलवतो. खांबाला लागला किंवा शेजारच्या फटीतून गेला तर एक पॉइंट, एकच झेंडा.

"म्हणजे नेम चुकला तरी पॉइंट?"

"हो."

पोलीस गॉगल काढून म्हणाला, "मला लहानपणी हा खेळ कोणी का नाही शिकवला?"

ते पाइप मात्र जरा वारा आला तरी डुलायचे.

*

समोरच्यांकडे माणसं कमी पडली की दादा आपला खेळाडू त्यांना उसना द्यायचा. तोही चांगला! एकदा त्याने आमचा सगळ्यात दांडगा गडी दिला, ट्रक चालवणारा हेक्टर. त्याने आम्हालाच पाच गोल हाणले.

शिरीष रडकुंडीला आला. "यार, निदान हेक्टर तरी देत जाऊ नकोस!"

"शेजाऱ्याला उसनं द्यायचं तर नासकं द्यायचं का?"

म्हणून आम्ही एकही मॅच जिंकायचो नाही.

*

अंपायरही कमी पडायचे. मग दादाच पांढरा कोट घालून गोलमागे उभा राहायचा. एकदा हेक्टरचा बॉल खांबाला पुसटसा लागला. दादाने एकच झेंडा हलवला. आम्ही हरलो.

हेक्टर धावून आला. "कोच, तू कोणाच्या बाजूचा आहेस?"

"खांबाच्या."

*

कॅन्सर फार पसरला होता. तो दादाचा मैदानावरचा शेवटचा शनिवार, हे सगळ्यांना ठाऊक होतं. त्याच्यादेखत एकदा तरी जिंकायचं, एवढंच टीमच्या डोक्यात. दादा पांढरा कोट घालून गोलमागे खुर्चीत बसला होता, मांडीवर दोन झेंडे.

समोरच्यांचा एक माणूस कमी होता. दादाने मला हाक मारली. "संज्या, जा, त्यांच्याकडून खेळ."

"दादा, आज तरी नको ना!"

"जा. आणि मुद्दाम चुकवलंस तर घरी जेवायला येऊ नकोस."

शेवटच्या मिनिटाला आमची टीम दोन पॉइंटने पुढे होती, आणि उडालेला बॉल नेमका माझ्या हातात येऊन पडला. समोर दादाचेच खांब. गोल झाला तर आमची टीम हरणार. एकच पॉइंट मिळाला तर जिंकणार.

"संज्या, अरे, तू घरचा आहेस!" शिरीष मागून केकाटला.

मला विचार करून काही करता येत नाही. मी सगळा जीव लावून लाथ घातली. बॉल खांबाला घासून गेला की आतून, मला कळलं नाही. आवाज काही आला नाही. पाइप हलला, पण वारा होताच. सगळे दादाकडे वळले.

दादा खुर्चीचा हात धरून उठला, तसे मांडीवरचे झेंडे खाली पडले. त्याने एकदा खांबाकडे बघितलं, एकदा टीमकडे. मग खाली वाकून एकच झेंडा उचलला आणि हलवला.