लखीरामकाकाच्या भुईमुगातला दिवा

मागच्या उन्हाळ्यात सीमेवर लढाई पेटली, तेव्हा किन्हीराजाजवळच्या आमच्या तांड्याचं संरक्षण खातं लखीरामकाकानं सांभाळलं. कचेरी रामकिसनच्या पानठेल्यावर, टीव्हीच्या बरोबर खाली. टीव्हीवाल्यानं दुपारी शत्रूचं एक शहर घेतलं, की संध्याकाळपर्यंत काका आणखी दोन घ्यायचा.

एक दिवस टीव्हीवर आलं, गद्दार लोक शेतातून दिवे लुकलुकवून शत्रूच्या ड्रोनला खुणा करतात.

"खरंच हाय," काका म्हणाला. "कोणाच्या मनात काय हाय, सांगता येते का?"

ग्रामसभेत त्यानंच विषय काढला. शेतातले सगळे दिवे बंद! टाळ्यांच्या कडकडाटात ठराव पास.

घरी प्रयागकाकूनं विचारलं, "आन आपल्या भुईमुगात लावला, तो कायचा दिवा हाय?"

काकाचं तोंड उतरलं. रानडुकरं येऊ नयेत म्हणून त्यानंच वाशीमहून लाल-निळा लुकलुकणारा दिवा आणून बांबूवर बांधला होता. शेंगा भरायला अजून वेळ होता.

दिवा उतरवला आणि सकाळी धुऱ्याकडच्या, बांधालगतच्या ओळी डुकरांनी उकरलेल्या दिसल्या.

"रातच्याले जागलीले जा ना मंग," काकू म्हणाली.

"अंधारात बसलो अन् पोट्ट्यांनी गद्दार म्हणून धरलं तं?"

रोज थोडा थोडा भुईमूग जात राहिला. काकाची झोपही. शेवटी टीव्हीनंच लढाई थांबल्याचं सांगितलं. काका सरपंच मदनसिंगकडे धावला.

"भाऊ, लढाई तं सरली. आता तो ठराव काढून टाका ना."

"माहं काय जाते? तुमी सभेत उभे राहा, म्हना दिवे लावा. मी लिहून घेतो."

सभा भरली. मदनसिंगनं विचारलं, "दिव्याचं कोणाले काही म्हनाचं हाय?"

अर्ध्या सभेच्या शेतात भुईमूग होता. जो तो शेजाऱ्याच्या तोंडाकडे पाहत राहिला. काका अर्धा उठला. तेवढ्यात मागच्या पोट्ट्यांतला किशन ओरडला, "कोणाले पाह्यजे हो दिवा? नाव तं कळू द्या!"

हशा पिकला. काकानं धोतर सावरल्यासारखं केलं आणि खाली बसला.

दुसऱ्या दिवशी, डुकरांनी उरलासुरला खाण्याआधी, आम्ही घरचे सगळे भुईमूग उपटायला गेलो. शेंग फोडली की आत पांढरा, पाणचट दाणा. रस्त्यावर एक मोटारसायकल हळू झाली. कोण आहे हे न पाहताच काका ओरडला, "दिवा नाही हो! शेंगाच काढून राह्यलो!"